मामांचा चार्ज

पुण्यात येऊन स्थायिक झालेल्या समस्त पेन्शनरांत ज्याची ड्यूटी अजून सुटलेली नाही असा माणूस एकच, आणि ते माझे मामेसासरे. बायकोचे सख्खे मामा. विदर्भातल्या एका औष्णिक वीज केंद्रात छत्तीस वर्षं त्यांनी बॉयलर सांभाळला. मुलगा हिंजवडीत नोकरीला लागला, त्याने आईवडिलांसाठी बिबवेवाडीत आमच्या बरोबर खालचा फ्लॅट घेतला आणि स्वतः ट्रॅफिकला कंटाळून हिंजवडीतच राहिला. तेव्हापासून आमच्या कुकरच्या शिट्ट्या मामा खाली बसून मोजतात. तिसरी शिट्टी लांबली की बायकोला फोन येतो, "काहून वं पोरी, वाफ कुठून लीक होऊन राहिली?" आणि रबर बदललं की नाही हे बघायला संध्याकाळी स्वतः वर येतात.

मामांचा संसार एका शब्दावर चालतो, तो म्हणजे चार्ज. वीज केंद्रातली भट्टी चोवीस तास पेटलेली. तिच्यासमोरून माणूस हलला की संपलं. म्हणून तिथला नियम असा, की पुढच्या पाळीचा माणूस, म्हणजे रिलीव्हर, समोर येऊन उभा राहणार, पाण्याची पातळी किती, वाफेचा दाब किती, कोळसा दळणारी कोणती गिरणी चालू, कोणती बंद, सगळं समजून घेणार, रजिस्टरमध्ये 'चार्ज घेतला' म्हणून सही करणार, आणि मगच आधीच्याने डबा उचलून घरी जायचं. सही नाही तर सुट्टी नाही, मग घरी बारसं असो की पाहुणे येवोत. केंद्रात हे ठीक आहे हो, पण मामांनी ते स्वयंपाकघरात आणलं. गॅसवर दूध असताना दाराची बेल वाजली तर मामींना तसंच उठता येत नाही. दूध अर्धं तापलं, गॅस बारीक, असं सांगून मामांना चार्ज द्यावा लागतो आणि मामांनी 'घेतला' म्हटल्यावर पाऊल उचलायचं. मी या प्रकाराला पुष्कळ हसलो आहे. पण खरं सांगायचं तर त्या घरात आजवर दूध उतू गेलेलं नाही. आमच्याकडे आठवड्यातून दोनदा जातं.

माझं बुधवार पेठेत इलेक्ट्रिकच्या सामानाचं दुकान आहे. वडिलांपासूनचं, चांगलं चालतं. मामांच्या लेखी मात्र तो विजेचा धंदाच नव्हे. "तुमी बटनं विकता जावईबापू. करंट आमी बनवला," हे त्यांनी गिऱ्हाइकांनी भरलेल्या दुकानात मला सुनावलेलं आहे. दर रविवारी चहाबरोबर मला त्यांच्या केंद्राचा इतिहास घ्यावा लागतो आणि त्यातून सुटका नसते, कारण मध्येच प्रश्न विचारले जातात. माळरानावर पहिला संच उभा राहत होता तेव्हा मामा विशीत होते. चिमणी हात हात वर जाताना त्यांनी पाहिली. खाणीतून रेल्वेने कोळसा यायचा, गिरण्यांत दळून पावडरीइतका बारीक व्हायचा, गरम हवेच्या झोताबरोबर भट्टीत फुंकला जायचा; भट्टीभोवतीच्या नळ्यांत पाण्याची वाफ व्हायची, वाफेवर टर्बाइन फिरायचं, आणि काम करून दमलेली वाफ गार होऊन पुन्हा पाणी होऊन बॉयलरला यायची. पावसाळ्यात ओला कोळसा बंकरच्या, म्हणजे कोळशाच्या कोठीच्या, तोंडाशी अडकून बसला की साहेबांपासून हमालापर्यंत सगळे घण घेऊन बाहेरून ठोकत. "आणि राखेचं काय हो?" असं मी एकदा मुद्दाम खोचकपणे विचारलं. मामा चिडतील असं वाटलं होतं. ते शांतपणे म्हणाले, की तुमच्याकडे दिवे लागायचे आणि आमच्या वाळत घातलेल्या कपड्यांवर राख बसायची, थोडी छातीतही बसली. मग त्यांनी बशीत चहा ओतला आणि मी पुन्हा तो प्रश्न काढला नाही.

आमच्या सोसायटीच्या वॉचमनने एकदा भलतीच चूक केली. 'काका, पाच मिनिटं गेट बघा, चहा घेऊन येतो,' असं मामांना सांगून तो गेला, चौकात त्याला गाववाला भेटला, आणि दोघे कुणाच्या तरी साखरपुड्याला निघून गेले. सकाळी दहाला गेलेला माणूस दुपारी चारला परत आला. तोपर्यंत मामा गेटवर उभे. ऊन डोक्यावर आलं, मामींनी जेवायला बोलावलं, अध्यक्षांनी विनवलं, मी तर हात धरून ओढलं. मामांचं एकच, रिलीव्हर आला नाही. वॉचमन आला तेव्हा त्याला ओरडले नाहीत. किती गाड्या आत, किती बाहेर, पाण्याचा टँकर किती वाजता आला, सगळं व्यवस्थित सांगितलं, त्याच्याकडून 'घेतला' म्हणवून घेतलं आणि मग जिना चढले. तो वॉचमन त्या दिवसापासून थर्मासमधून चहा आणतो.

इथवर सगळी गंमत आहे. पण या चार्जपायी मामा आणि मामी बरोबर कुठेही जात नाहीत. आमच्याकडे जेवायला बोलावलं तर दोन पाळ्यांत येतात. आधी मामा जेवून जातात, खाली जाऊन चार्ज घेतात, मग मामी वर येतात, तोवर पुऱ्या गार. दगडूशेठला मामी सकाळी, मामा संध्याकाळी. अमरावतीला लेकीकडे मामी दिवाळीत, मामा संक्रांतीला. आम्ही त्याला स्वभाव म्हणत होतो. मग त्या लेकीने घर बांधलं. वास्तुशांतीचं आमंत्रण आलं, मामा नेहमीप्रमाणे म्हणाले तू जाऊन ये, मी मागून जातो, आणि मामी उठून वर आमच्या स्वयंपाकघरात येऊन बसल्या. बराच वेळ लसूण सोलत राहिल्या. मग बायकोला म्हणाल्या, "बेचाळीस वर्सं झाले लग्नाले. आमी दोघांनी मिळून घराले कुलूप लावलं नाही कधी. या टायमाले ते नसले तर मी बी जात नाही."

माझं डोकं सटकलं. मी तसाच खाली गेलो आणि मामांना म्हटलं, हे फार झालं, घराचा चार्ज द्या माझ्याकडे आणि निघा दोघं. मामा रागावले नाहीत. मला वाटतं ते या दिवसाची वाट बघत होते. त्यांनी कपाटातून लाल कापडी बांधणीचं जाड रजिस्टर काढलं आणि शेवटचं लिहिलेलं पान उघडलं. सकाळी सहापासूनचे तासातासाचे आकडे, सुरेख अक्षरात. खाली 'चार्ज दिला', मामांची सही. शेजारी 'चार्ज घेतला', आणि पुढे कोरं.

केंद्रात नवे मोठे संच आले, मामांचा जुना संच महागात पडू लागला, आणि मामांच्या निवृत्तीला पंधरा दिवस असताना तो कायमचा बंद झाला. त्या सकाळच्या पाळीला मामाच होते. भट्टी त्यांनीच विझवली. दोनला रिलीव्हर यायचा, पण बंद पडलेल्या संचाला रिलीव्हर कोण पाठवणार? मामा उभेच राहिले. संध्याकाळी साहेब आले, खांद्यावर हात ठेवून घरी जा म्हणाले, आणि रद्दीत जाणारं ते रजिस्टर त्यांनी मामांच्या हातात दिलं.

"सुटलोच नाही मी, जावईबापू," मामा म्हणाले. "हा चार्ज उभा असून घराचा कसा देऊ?"

मी म्हटलं, आणा, मीच घेतो. त्यांनी मला आपादमस्तक न्याहाळलं. बटणं विकणारा माणूस! पण इतक्या रविवारांचा चहा काही फुकट गेला नव्हता. मामा ताठ उभे राहिले, मीही राहिलो, आणि परीक्षा सुरू झाली. गिरण्या? सगळ्या बंद. भट्टी? विझलेली. टर्बाइन? थांबलेलं. दाब? शून्य. मला जोर चढला. बॉयलरवरच्या ड्रममधली पाण्याची पातळी? मी ठोकून दिलं, शून्य.

मामांनी मान हलवली. "ड्रमची शून्य म्हंजे अर्धा भरलेला. सगळं बरोबर चालू हाय तवा शून्य." मग पानावर बोट ठेवून म्हणाले, "आता रिकामा हाय. रिकामा लिहिजा."

मी लिहिलं. रिकामा. मग 'चार्ज घेतला' पुढे सही केली, आणि वर बघितलं तर मामा रडत होते. मी पेनाचं टोपण लावलं आणि घराची किल्ली मागितली.

मग फ्लॅटचा चार्ज झाला, तो तासभर चालला. निघताना कडी मामींनी लावली, कुलूप मामांनी घातलं आणि दोनदा ओढून पाहिलं. रिक्षातून मामी वळून वळून बघत होत्या. मामांनी एकदाही बघितलं नाही.

चार दिवसांसाठी गेलेत, त्याला दोन महिने झाले. लेक सोडत नाही. मामींचा फोन येतो, रोज संध्याकाळी दोघं मिळून देवळात जातात म्हणे. मामा दुपारचे झोपतात. फोन आला की मी रजिस्टर उघडून तयार बसतो, आणि मामा काही विचारतच नाहीत. परवा मीच न राहवून सांगितलं, की मामा, गॅस बंद, टाकी पाऊण, तुळशीला पाणी घातलं. ते हसले. "तुमच्यावर हाय ना आता. मी काहून विचारू?"

बरोबरच आहे. दुकानाला जाण्याआधी मी खाली उतरतो, कुलूप दोनदा ओढून बघतो आणि सही करतो. काल आमच्या कुकरची तिसरी शिट्टी लांबली. बायको हातातलं काम टाकून फोनकडे बघत राहिली, मीही बघत राहिलो. मग मी दुकानातून येताना रबर घेऊन आलो आणि बदललं.