पद्धतीतला कागद

माझ्या अक्काला हिंगोलीजवळच्या गोरेगावात बी-बियाण्यांचं दुकान टाकायचं होतं. जीप थांबतात तिथला गाळा तिनं भाड्यानं घेतला, रंग दिला, फळ्या ठोकून घेतल्या. कृषी पदविका तिच्याकडं लग्नाआधीपासूनच होती. राहिला होता फक्त परवाना, आणि तो पेरणीच्या आत हातात पडला नाही तर अख्खं वर्ष वाया जाणार होतं. अर्ज ऑनलाइन करायचा होता. तो केल्यावर त्याचीच फाइल कृषी कार्यालयात नेऊन द्यायची होती, कारण ऑनलाइन अर्ज कागदावर आल्याशिवाय दिसत नाही, असं कार्यालयाचं म्हणणं होतं.

कारकुनानं फाइल चाळली आणि म्हणाला, "ताई, समदं बराबर हाय. नवऱ्याचं संमतीपत्र तेवढं न्हाई."

अक्काचा नवरा डोंगरकडा गावात दुसरा संसार मांडून बसला होता. त्याला बरीच वर्षं झाली. त्याच्या दारात पुन्हा पाय ठेवणार नाही, असं ती म्हणाली होती आणि तिनं तो ठेवलाही नव्हता. आता त्यानं सही दिली तर तिचं दुकान उघडणार होतं. हे तिनं मला फोनवर सांगितलं तेव्हा तिचा आवाज अगदी नेहमीसारखा होता, आणि त्यामुळंच माझं डोकं फिरलं. मी हिंगोलीत शाळेत शिकवते, डोकं फिरायची मला सवय आहे. अर्धी रजा टाकली आणि तिच्यासोबत कार्यालयात गेले.

जाताना परवान्याचे नियम छापून नेले होते. कोणकोणती कागदपत्रं लागतात ते त्यात स्वच्छ लिहिलेलं होतं. त्यापलीकडं काही मागायचा अधिकार साहेबालाही नव्हता, कारकुनाचं तर सोडाच.

"नवऱ्याचं पत्र कोणत्या नियमात आहे?" मी विचारलं.

"नियमात न्हाई मॅडम. पद्धतीत हाय."

पद्धत कशी पडली तेही त्यानं सांगितलं. लपवण्यासारखं काही आहे असं त्याला वाटतच नव्हतं. मागं एका बाईच्या नवऱ्यानं आपणहून असं पत्र आणून दिलं होतं. कुणी मागितलं नव्हतं, पण तो म्हणाला, असू द्या, असलेलं बरं. साहेबांना ते आवडलं. तेव्हापासून बाईचा अर्ज आला की नवऱ्याचं पत्र घ्यायचं.

"आणि पुरुषाचा अर्ज आला की बायकोचं?"

"ते अजून कुणी आणून दिलं न्हाई," तो म्हणाला.

मी म्हटलं, ठीक आहे, हे पत्र लागतं असं आम्हाला लेखी द्या. त्यानं कोरा कागद पुढं ओढला, पेनाचं टोपण काढलं आणि थांबला.

"लेखी देता येत न्हाई मॅडम. लेखी द्यायचं तं नियमाचा नंबर टाकावा लागतो."

"मग टाका."

तो उठून आत साहेबांकडं गेला. बराच वेळ आतच होता. बाहेर येऊन म्हणाला, "साहेब म्हणले, राहू द्या. घेऊन टाका."

मला इतका आनंद झाला की त्या माणसाची मला मायाच यायला लागली. त्यालाही आमच्याबद्दल काहीतरी वाटलं असावं. फाइलची दोरी बांधता बांधता तो म्हणाला, "संमतीपत्र न्हाई तं न्हाई. पण तुमी सख्ख्या बहीण, त्यात मास्तरीण. दोन ओळींचं हमीपत्र तेवढं लिहून द्या. फाइल भरल्यावाणी दिसंल."

एवढंच ना, असू द्या, असं म्हणत मी पर्समधून पेन काढलंसुद्धा.  अक्कानं माझं मनगट धरलं, चांगलं घट्ट.

"लिहू नको," ती म्हणाली. "माझ्यामागून येणारीला बहीण नसली तं?"