मास्तरांचा ओणवा नाच

मास्तरांच्या नाचाच्या वर्गात पाठ वाकवणं हा गुन्हाच होता. फरशीवर खडूने पावलं आखलेली असत. त्यांवर पाय ठेवत जोड्यांनी दुकानातल्या पुतळ्यांसारखं ताठ फिरायचं. कोपऱ्यात बायको पियानो वाजवायची आणि जांभया गिळायची.

मग समोरच्या हॉटेलात जॅझचा बँड आला. या संगीताचा जोर भलत्याच ठोक्यावर पडे, ट्रम्पेट मध्येच वाट सोडून भटकायला जाई आणि ऐकणाऱ्याचे गुडघे मालकाला न विचारता हलू लागत. बघता बघता मास्तरांकडे दोनच जोड्या उरल्या. त्यातली एक साडू-मेहुणीची, म्हणजे फुकटची.

"वर्ग बंद पडला तर करू काय? मला दुसरं काही येत नाही," मास्तर म्हणाले.

"अहो, मग जाऊन बघा तरी, लोक नाचतात कसे," बायको म्हणाली.

मास्तर खिशात खडू टाकून गेले. पावलं फरशीवर उतरली की कुठलाही नाच शिकवता येतो, अशी त्यांची खात्री होती. नाचणाऱ्या एका मुलीच्या पायांशी ते ओणवे झाले. डाव्या पावलाची खूण काढेपर्यंत ते पाऊल उजवीकडे पोचलेलं. मास्तर उठले, सरकले, पुन्हा वाकले. कुणाची तरी टाच कानाजवळून गेली, तशी मान आत घेतली. एक हात जमिनीवर, दुसरा तोल सावरायला हवेत. ट्रम्पेटवाल्याला चेव आला. मास्तर वाकले की तो सूर खाली न्यायचा, उठले की वर. मास्तरांनी मागे वळून पाहिलं, तर अख्खा हॉल त्यांच्यासारखाच ओणवा.

दुसऱ्या दिवशी वर्गाच्या जिन्यावर ही गर्दी.

"मास्तर, कालचा तो वाकायचा नाच शिकवा."

"मला येत नाही तो."

"काल तर झकास केलात."

"काल मी काम करत होतो."

"मग आजही कामच समजा," बायको म्हणाली आणि तिने पियानोवर भलत्याच ठोक्यावर जोर दिला. ती हे कधी शिकली, ते विचारायला वेळ नव्हता.

मास्तर वाकले. सगळे वाकले. मास्तरांची कंबर मात्र तिथेच धरली.

"मास्तर, पुढे?" खालूनच कुणीतरी विचारलं.

"घाई नको," मास्तर दात आवळून म्हणाले, "इथे जरा थांबायचं असतं."