फरशीवरच्या बायकांची कॅसेट

बुद्धभूषण पुढं आरोग्यावर, रेशनवर माहितीपट करून गावोगाव वाद पेटवत हिंडला; पण मूळचा तो उंब्रजचा लग्नाचं शूटिंग करणारा. लग्नातला एकही पाहुणा त्याच्या कॅमेऱ्यातून सुटायचा नाही. सुटला तर वर्षभर शिव्या यालाच. त्याच्या कॅसेटी भयंकर लांबायच्या, हे मी मित्र म्हणून तोंडावर सांगायचो.

शहाण्णव साली त्याला सरकारी काम मिळालं. एका शाळेत बायकांच्या कुटुंबनियोजनाच्या ऑपरेशनचं शिबिर होतं. फीत, हार, भाषणं टिपायची, बस्स. पाहुणे चहा पिऊन गेले आणि हा सवयीनं वर्गात शिरला. ऑपरेशन झालेल्या बायका ऐन थंडीत फरशीवर ओळीनं पडल्या होत्या. त्यानं एकेकीला विचारून तिला टिपलं, नाव-गाव वदवून घेतलं. पुढच्या शिबिराच्या यादीत त्याच्या बायकोचं, मायाचं नाव होतं. त्या रात्री तो जेवला नाही.

पंचायत समितीच्या बैठकीत त्यानं कॅसेट लावली; मीही सोबत होतो. त्यातली भाषणं संपताच आरोग्य खात्याचे साहेब म्हणाले, आता बंद करा. नव्यानं निवडून आलेल्या बनुबाई म्हणाल्या, शेवटपर्यंत बघायचं. पडद्यावर हरणाबाई नावाची एक बाई पडल्या पडल्या बोलत होती, "बाप्यांचं ऑपरेशन लय सोपं असतंय म्हनं. मग हितं एकबी बाप्या कसा न्हाई?"

पुरुष मंडळी हसली. बनुबाई हसल्या नाहीत. त्यांनी साहेबांकडून खाटा आणि कांबळी कबूल करून घेतली, मग बुद्धभूषणकडं वळल्या.

"तुझ्या घरातलं कुनाचं नाव हाय रं यादीत?"

"बायकोचं."

सगळी बैठक त्याच्याकडं बघायला लागली. जन्मभर दुसऱ्यांवर कॅमेरा रोखणारा माणूस घामानं भिजला. मला त्याची कीव आली आणि, खोटं कशाला बोलू, मजाही वाटली.

घरी त्याच्या आईनं आकांत केला, ऑपरेशननं पोरगं अधू होणार म्हणून. हा ऐकेना. मायाचा मात्र शेवटपर्यंत त्याच्यावर विश्वास नव्हता. शिबिराला तिनं आपली पिशवी भरूनच आणली होती.

नर्सबाईंनी वर न बघता विचारलं, "बाईंचं नाव?"

"बाई न्हाई. मीच हाय."

नर्सबाईंनी चष्मा काढून त्याला नीट पाहिलं. मायानं पिशवीतून स्वतःसाठी आणलेली चादर काढली आणि त्याच्या खाटेवर अंथरली.