गच्चीत वाळत घातलेली चढाई

आमच्या ह्यांचा हुतुतूचा खेळ सासूबाईंनी कधी पाहिला नाही. बायकांनी मैदानावर जायचं नाही असं काही नव्हतं, मी तर हक्काने जायची. पण आधी त्यांना घरकामातून सवड नव्हती, मग एका सामन्यात ह्यांचा गुडघा कायमचा गेला, आणि तेव्हापासून खेळाचं नाव काढलं तरी सासूबाईंचं डोकं फिरे. "मातयेत लोळान काय मिळवलंस?" हे त्यांचं ठरलेलं वाक्य. ह्यांच्याकडे उत्तर एकच होतं, आणि ते एका पत्र्याच्या डब्यात होतं.

फणसवाडीतल्या एका फोटोग्राफरने लालबागच्या एका अंतिम सामन्याची फिल्म काढली होती. गुडघा जायच्या आधीची गोष्ट. त्यात ह्यांची शेवटची, सामना जिंकून देणारी चढाई होती. रीळ त्याने ह्यांनाच देऊन टाकलं आणि बजावलं, "जपा. ओल लागू देऊ नका." ते पाहायचं तर प्रोजेक्टर हवा. तो कामगारांच्या मंडळाकडे होता, पण दिवस संयुक्त महाराष्ट्राचे. मंडळातली सगळी माणसं सभा नाहीतर मोर्च्यात. "दिवाळीनंतर बघू," म्हणाले. रीळ ट्रंकेत गेलं.

पावसाळा सरला की सासूबाई गोधड्या, उशा, कोकमं, सगळं गच्चीत उन्हात काढायच्या. त्या वर्षी त्यांनी तो डबाही उघडला. मी कपडे घेऊन वर गेले, तर अख्खी फिल्म दोऱ्यांवरून या टोकापासून त्या टोकापर्यंत, वर चिमटे लावून! मी हाक मारली. हे लंगडत वर आले आणि मटकन खाली बसले.

"आये, सगळो खेळ करपलो गो!"

"ओल लागाक देऊ नको, असा तो फोटोवालोच म्हणालो मा?" सासूबाईंचा चेहरा पडला होता, आवाज नाही.

फिल्मला उजेड लागला की कारभार आटोपला, एवढंच आम्हाला ठाऊक. दोन दिवस घरात कुणी धड जेवलं नाही. मला सासूबाईंचा राग येत होता आणि कीवही. शेवटी मीच रीळ पिशवीत घालून फणसवाडी गाठली. फोटोग्राफर हसत सुटला.

"वहिनी, उजेडाचं भय धुवायच्या आधी. धुतलेल्या फिल्मला काय होतंय? उलट बुरशी धरत होती, ती थांबली. चिमट्यांचे वळ पडलेत तेवढे. पण पुन्हा उन्हात नको हां, वाकडी होईल." मऊ फडक्याने पुसत पुसत त्याने ती परत गुंडाळून दिली. येताना मी अर्धा शेर पेढे घेतले.

दिवाळीनंतर एका रविवारी दुपारी मंडळाचा माणूस प्रोजेक्टर घेऊन आला. शेजारी आमच्या खोलीत जमले, खिडक्यांवर गोधड्या टांगल्या, भिंतीवर धोतर लावलं. फिल्म मुकी होती. हे चढाईला निघाले, ओठ हलताहेत, आवाज नाही. मग शेजाऱ्यांनीच ह्यांच्यासाठी दम धरला, "हुतुतू, हुतुतू, हुतुतू..." पाच जणांनी ह्यांना खाली दाबलं. तेवढ्यात चिमट्याचा वळ आला, चित्र उडालं.

"मेल्यांनो, सोडा माझ्या झिलाक!" सासूबाई भिंतीवर ओरडल्या.

चित्र सावरलं. पाचही जणांना ओढत ह्यांचा हात मधल्या रेषेला टेकला होता.

खोली दणाणली. सासूबाई ह्यांच्याकडे न बघताच म्हणाल्या, "पाच जणांका ओढून हाडलंस?" ह्यांनी मान हलवली.

"परत लाव," त्यांनी प्रोजेक्टरवाल्याला फर्मावलं. या खेपेला शेजारी गप्प राहिले. ह्यांचा दम सासूबाईंनी एकट्यांनी धरला, मधे श्वास न घेता, थेट रेषेपर्यंत.