चर्चच्या बाजूने बोलायला आलेली मंडळी

कॅनडातल्या सस्काटूनहून तासाभरावर आमचं गाव आहे. गाव म्हणजे एकच रस्ता, आणि तोही इथे थांबत नाही. इंग्लंडातल्या कुठल्याशा खेड्यातून आलेल्या चार-पाच कुटुंबांनी ते वसवलं आणि तिकडचं सगळं इथे पुन्हा उभं करायचं ठरवलं. तिकडे तळं होतं, म्हणून इथे खड्डा खणला. बदकं आली नाहीत, डास आले. तिकडचं चर्च दगडी होतं. इथे दगड कुठला? लाकडाचं बांधलं आणि भिंतींवर दगडांच्या रेघा रंगवल्या. शाळेची आता पायरी उरली आहे. झाली प्रेक्षणीय स्थळं.

ती मला शेजारच्या आजींनी हिंडवून दाखवली. घर स्वस्त मिळालं म्हणून इथे येऊन लॅपटॉप उघडून बसलेला मी एकमेव उपरा. चर्चवरच्या रेघा त्यांच्या आजोबांनी काढलेल्या; दर उन्हाळ्यात आजी शिडी लावून त्या पुन्हा गिरवायच्या.

मागच्या वर्षी कळलं की चर्च बंद करायचं का, हे ठरवायला शहरातून एक साहेब येणार आहेत. गावाचं म्हणणं ऐकून घेतील. गावात म्हणणं असणारी माणसं फार उरली नव्हती.

"तू माणसं आण," आजी म्हणाल्या. "बोलायचं मी बघते. आजोबांपासून सगळं सांगते."

मी सस्काटूनच्या आमच्या मराठी मंडळात शब्द टाकला. मंडळी आली की हो! पैठण्या, नेहरू जॅकेटं, वड्यांचे ट्रे, स्वतःचा स्पीकर. चर्च भरलं. आजी पहिल्या बाकावर, हातात हातमोजे चुरगाळत. आणि मग आमच्या अध्यक्षबाईंना समोर माइक दिसला आणि शेजारी खुर्चीत पाहुणा दिसला.

पुढचं कोणी थांबवू शकलं नसतं. मेणबत्तीवर दीपप्रज्वलन झालं. प्रास्ताविक झालं. पाहुण्यांचा परिचय पाहुण्यांनाच विचारत विचारत करून दिला. शाल, श्रीफळ. मग आजींनाही शाल, श्रीफळ. मग छोट्यांचा नाच, त्यात स्पीकर बंद पडला, तो चालू झाल्यावर नाच पहिल्यापासून.

मी वाकून म्हटलं, "ताई, आजींना बोलू द्या आता."

"अरे, त्यांचं मनोगत आभारांनंतर, अगदी शेवटी ठेवलंय. एवढ्या ज्येष्ठ बाईंना काय मधेच उभं करायचं? बरं दिसतं का ते?"

आभारप्रदर्शन चालू असताना साहेब उठले. तासाभरात शिकलेला नमस्कार त्यांनी केला. त्यांना अंधारापूर्वी आणखी एक गाव गाठायचं होतं. जाताना ते आजींपाशी थांबले.

"ही सगळी मंडळी इथे नेहमी येतात?"

आजी खोटं बोलल्या असत्या तर बरं झालं असतं. "नाही. आज पहिल्यांदाच."

"आणि एरवी रविवारी?"

"रविवारी मी असते."

साहेबांनी मान हलवली आणि नारळ तान्ह्या बाळासारखा छातीशी धरून गाडीत बसले. आमच्या मंडळींनी टाळ्या वाजवल्या. कार्यक्रम रंगला, असंच सगळ्यांचं मत पडलं.

आजी बोलल्या असत्या तर चर्च वाचलं असतं, असं मला वाटत नाही. पण त्या बोलल्या असत्या.

पानगळीत चर्च विकलं गेलं. दूरच्या एका तळ्याकाठी कॉटेज हवं असलेल्या कुणी ते घेतलं आणि अख्खंच्या अख्खं ट्रेलरवर चढवून नेलं. आम्ही दोघं आजींच्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून पाहत होतो. खिडकीत त्यांचा नारळ होता.

"याचं काय करायचं असतं रे?"

"फोडायचा आणि खायचा."

"नको. गावात पाहण्यासारखं काहीतरी राहू दे."

अधूनमधून त्या तो कानाशी धरून हलवतात. आतलं पाणी वाजलेलं त्यांना आवडतं. परवा त्या चहा टाकत होत्या तेव्हा मी सहज हलवून पाहिला. काही वाजलं नाही. त्या वळायच्या आत मी तो होता तसा ठेवून दिला.