माशाचं वजन

आमचा काटेवाला दुकानांतले वजनकाटे दुरुस्त करायचा. माणूस सरळ, पण कामाच्या बाबतीत कुणाच्या बापाचं ऐकायचा नाही. काटा पूर्ण थांबल्याशिवाय आकडा वाचायचा नाही, हा त्याचा नेम. गिऱ्हाईक घाईला आलं, की मुद्दाम आणखी थांबायचा.

सहा वर्षांपूर्वी गोदामांमागच्या तळ्यात त्याच्या धाकट्या भावाला टेम्पोएवढ्या माशाने गिळलं. चावला नाही, तेवढंच नशीब. धाकटा आत जिवंत होता. मासा वर आला की आतून वहिनीची तब्येत विचारायचा, इथे फार दमट आहे म्हणून कुरकुरायचा. काटेवाला काठावरून त्याला धीर द्यायचा आणि घरी जाऊन रडायचा, हे वहिनीनेच सांगितलं.

दर रविवारी आम्ही तिघे गळ टाकायला जायचो. काटेवाला, दवाखान्यातला कंपाउंडर आणि मी, शिंपी. पहिल्या वर्षी हुरूप होता. नंतर माझी कंबर धरायला लागली, कंपाउंडरला मोतीबिंदू झाला आणि मासा आम्हाला चेहऱ्याने ओळखू लागला. खरं सांगतो, मला वीट आला होता. पण नाही कसं म्हणणार? आत माणूस होता.

गेल्या रविवारी मासा लागला. तोही थकला असावा, फार ओढाताण केली नाही. गोदामाच्या कप्पीवर आम्ही त्याला टांगला, तसा धाकटा आतून लाथा झाडायला लागला. हवा संपत आलीय, लवकर करा, म्हणाला. मी कात्री काढली, तर काटेवाल्याने माझा हात धरला. कप्पीला काटा लावलेला होता, आणि काट्यावर चढलेला माल वजन न घेता उतरवणं त्याने जन्मात केलं नव्हतं. माशाच्या पोटाशी तोंड नेऊन तो भावावर खेकसला.

"अरे, हलू नकोस. काटा थांबू दे."

"बरं, दादा," धाकटा म्हणाला.

काटा डुलत डुलत थांबला. काटेवाल्याने चष्मा पुसला, आकडा दोनदा वाचला आणि मला मानेने खूण केली. मी पोट उसवलं. आत धाकटा हाताची घडी घालून गप्प बसला होता. श्वासही त्याने रोखून धरला असणार, तो पुन्हा घेतलाच नव्हता.

काटेवाला त्याचे खांदे धरून गदागदा हलवत राहिला. "झालं रे वजन, हल आता," म्हणत होता. आम्ही दोघं त्याला आवरायला गेलो नाही.