शोकसभेतलं माझं ज्ञान

बँकेत माझ्या शेजारच्या टेबलावर बसणारा मित्र ख्रिश्चन होता. देवास गेटला पोहे खाताना एकदा मी त्याला विचारलं, माणूस मेला की थेट स्वर्गात जातो, हे तुमच्यात अगदी सुरुवातीपासून आहे का? तो म्हणाला, "मुझे क्या पता, यार. तू पढ़ ले, फिर मुझे भी बता देना."

असं कुणी म्हणायचा अवकाश, मी कामाला लागतो. वर्षभर ख्रिस्ती धर्माच्या पहिल्या दोन-तीन शतकांबद्दल मिळेल ते वाचलं, वह्या भरल्या. बायको म्हणायची, "अहो, घरची सत्यनारायणाची कथा कधी धड ऐकली नाहीत, आणि हे काय?" मित्राला सांगायचं मात्र राहूनच गेलं. मार्चमध्ये तो हार्ट अटॅकने गेला.

शोकसभा चर्चच्या हॉलमध्ये होती. बँकेतर्फे दोन शब्द मी बोलायचे असं ठरलं. मी वीस मिनिटं बोललो. सांगितलं, की सुरुवातीच्या ख्रिस्ती लोकांची मोठी आशा आत्मा वर जाण्याची नव्हती. मेलेला माणूस झोपलाय आणि शेवटच्या दिवशी देहासकट उठेल, ही होती. वर बसून तो आपल्याला बघतो-ऐकतो, ही समजूत बरीच नंतरची. पाद्री छताकडे बघत होते. मला वाटलं, भारावले.

रिक्षात बायको एवढंच म्हणाली, "टाळ्या वाजल्या नाहीत म्हणून वाईट वाटतंय का?"

महिन्याभराने तीच भाभींना, म्हणजे मित्राच्या बायकोला, भेटून आली. भाभी रोज सकाळी चहा करताना नवऱ्याशी बोलायच्या. दूधवाल्याने दांडी मारली, मुलीचा फोन आला, असलंच. माझ्या भाषणानंतर त्यांनी ते बंद केलं होतं. म्हणाल्या होत्या, "सोए हुए आदमी से क्या बोलूँ."

मला जेवण गेलं नाही. कारण माझ्या वहीत आणखी एक पान होतं. रोममधल्या जमिनीखालच्या जुन्या कबरींच्या भिंतींवर घरच्या माणसांनी मेलेल्यांना उद्देशून लिहिलंय: आमची आठवण ठेव, आमच्यासाठी प्रार्थना कर. म्हणजे त्या जुन्या काळातही लोक बोलतच होते. ते पान मी भाषणातून काढलं होतं. त्याने माझा मुद्दा बोथट होत होता.

रविवारी वही घेऊन गेलो. भाभींच्या स्वयंपाकघरात स्टुलावर बसून ते पान हिंदीतून सांगितलं. त्यांनी पुन्हा सांगायला लावलं. मग विचारलं, "ये उस दिन क्यों नहीं बोले, भाईसाहब?"

पानावर माझ्याच पेन्सिलीची मोठी फुली होती. मी वही मिटली.

"ध्यान से निकल गया था, भाभीजी."

"होता है. इतना सब पढ़ते हो आप," त्या म्हणाल्या आणि चहा ठेवायला ओट्याकडे वळल्या. चहा उकळेपर्यंत त्या हळू आवाजात काहीतरी बोलत होत्या. माझ्याशी नव्हे. दोनदा 'भाईसाहब' ऐकू आलं.

भाभींनी माझं खरं मानलं होतं. पण त्या ज्याला सांगत होत्या, तो बावीस वर्षं माझ्या शेजारी बसला होता. मी मान वर केली नाही.